चाळीस मिनिटांचा कांदा

तीर्थरूप आत्यास, यशराजचा कोल्हापुरातून वाकून नमस्कार. गुडघा काय म्हणतोय? कुरुंदवाडात ऊन कसं हाय? म्हैस व्याली का? इकडं सगळे बरे आहेत (मी सोडून).

अनुजाचं तुला ठाऊकच आहे. मी कॉलेज दुसऱ्या वर्षात सोडलं, जिम सोडली, ड्रायव्हिंग क्लास तर रिव्हर्स शिकायच्या आधीच सोडला. परवा ती म्हणाली, "एक तरी गोष्ट शेवटापर्यंत करून दाखव, मग मी बाबांशी आपल्या लग्नाचं बोलते." मी तावातावानं म्हटलं, रविवारी जेवायला ये, बेक केलेला कांदा खायला घालतो! (मोबाईलवर बघितलेला. उकडलेले कांदे, वर दूध-मैद्याचा सॉस, चीज, पावाचा चुरा, ओव्हनमध्ये चाळीस मिनिटं. एवढंच.)

आता ओव्हन कुणाकडं हाय? दिवाळीत आपण नानकटाई भाजून आणतो त्या कृष्णातमामाच्या बेकरीत डबा नेला. मामानं तो खारीच्या पत्र्याशेजारी ठेवला. पण आत्या, तिकडं अनुजा घरी पोचणार आणि मी इथं नुसता उभा! जीव राहीना. दर दोन मिनिटांनी भट्टीचं दार उघडून बघायला लागलो. सातव्यांदा मामा भडकला, "ओ पावणं, गार हवेनं खारी बसली की माझी! उचला डबा!" मीही दोन शब्द सुनावले (पाच-सहा असतील) आणि कच्चा डबा घेऊन घरी आलो.

आईनं झाकण काढलं. "आजाऱ्याचं जेवण हाय व्हय हे?" मी हातपाय धुवेपर्यंत तिनं त्यात कांदा-लसूण चटणी आणि दोन पळ्या तिखट कट ओतून डबा गॅसवर चढवला. अनुजानं भाकरीबरोबर दोनदा घेतलं आणि म्हणाली, "काकू, एक नंबर!" काकू! डोकं फिरलं. ताट तसंच टाकून उठलो, ते रंकाळ्यावर येऊन बसलोय. आता ध्यानात येतंय, जेवणसुद्धा अर्धंच सोडलं.

तुझा,
यशराज

ता. क. : हे कागदावर लिहून फोटो पाठवतोय, कारण बोललो असतो तर आवाज चढला असता. अनुजा अजून आईजवळच आहे. तू सहज केल्यासारखा घरी फोन लाव आणि माझ्याबद्दल काय चाललंय ते काढून घे.

आणखी एक ता. क. : फोन लावू नको. तिचाच आला. "डबा तळाला करपलाय. कुणाला हात लावू दिला न्हाय. ये आणि घास." बाबांचं विचारलं, तर म्हणाली, "आधी डबा." करपलेलं दूध कशानं निघतं? चिंच की राख? लगेच कळव, मी निघालोय.