भिंतीला स्थगिती

२ फेब्रुवारी
निकाल ताईच्या बाजूने. दोन्ही घरांच्या सामाईक बोळात, स्कूटरला आडोसा म्हणून मी बांधलेली भिंत तीस दिवसांत पाडायची. का, तर ताईचं मागचं दार उघडत नाही. हा दाराचा दोष. भिंत जागची हललेलीसुद्धा नाही. बायको म्हणाली, पाडा आणि बहिणीशी बोलायला लागा. बायकांना कायदा कळत नाही. न्यायाधीशही बाईच होत्या.
उद्याच अपील.

३ फेब्रुवारी
डोकं दुखतंय. अपील उद्या.

१ मार्च
अपील दाखल! आता चार-पाच वर्षं निश्चिंत. ताई खिडकीत असताना भिंतीवरून मुद्दाम हात फिरवला.

१६ एप्रिल, सकाळी ११
बेलिफ आला. सोबत दोन मजूर आणि घण. ऐटीत अपिलाची पोच दाखवली. म्हणाला, ही पोच झाली, स्थगिती कुठाय? वकिलांना फोन. ते म्हणाले, स्थगितीचा अर्ज वेगळा करावा लागतो, चार वेळा सांगितलं होतं. तीनच वेळा सांगितलं होतं.
मजूर डबा खायला बसले, तेवढ्यात कोर्ट गाठलं.

संध्याकाळी ५
मिळाली! पुढच्या तारखेपर्यंत 'जैसे थे'. भिंतीला कोणीही हात लावायचा नाही. 'कोणीही' हा शब्द मी आग्रहाने घालायला लावला.

२ मे
संडास तुंबला. प्लंबर म्हणतो, चेंबर भिंतीखाली आहे, फोडावी लागेल. म्हटलं, स्थगिती आहे. म्हणाला, मग दम धरा.

४ मे
बायको सकाळी ताईकडे जाते. चहा घेऊनच येते. मी सातला ऑफिस गाठतो. साहेबांनी सगळ्यांसमोर कौतुक केलं.

५ मे, रविवार
ऑफिस बंद.

६ मे
वकील म्हणाले, 'कोणीही'मध्ये तुम्हीही येता. आपलीच स्थगिती उठवायचा अर्ज करू, तारीख ऑगस्टची मिळेल. नाहीतर ताईंची लेखी संमती आणा.
ताईच्या उंबऱ्याला पाय लावणार नाही. नाही म्हणजे नाही.

७ मे, सकाळी ६.४०
लावला. तोंड उघडायच्या आत ताई म्हणाली, आधी आत जाऊन ये, मग बोल. बाहेर आलो तेव्हा लाज वाटली. खरंच वाटली. तिने संमती लिहून दिली. अट एकच, भिंत परत बांधायची नाही. सहा वर्षं भांडलो त्यावर उभ्याउभ्या सही केली.

९ मे
भिंत पाऊण तासात आडवी. चेंबरमधून सिमेंटचा हा एवढा गोळा निघाला. भिंत बांधताना उरलेला माल गवंड्याने तिथेच ओतला होता. कुठे टाकू, असं त्याने विचारलं होतं. टाक कुठेही, असं मी म्हणालो होतो. पाइपही फुटलाय.
ताईने मागचं दार उघडून पाहिलं. उघडतं.
दुपारी समेटाच्या अर्जात वकिलांना 'मोठ्या मनाने अपील मागे घेत आहे' असं लिहायला लावलं. ताईने चष्मा लावून सगळं वाचलं, 'मोठ्या मनाने'वर रेघ मारली आणि मग सही केली. नवा पाइप बसायला आठ दिवस लागणार आहेत, म्हणून त्या रेघेखाली मीही सही केली.