हापशावरचा थांबा

मंगळवार, ११ ऑक्टोबर

चि. गुंड्यास,

ताईचे आशीर्वाद. मी सुखरूप पोचले. गाडीला उशीर झाला, पण खिडकीची जागा मिळाली. जावई स्टेशनवर घ्यायला आला होता. लेकीची शिफ्ट बदललीय, नातवाच्या दातांना तार बसवलीय, आणि माझ्या गुडघ्याचं रडगाणं चालूच आहे. परवा चौकात तू सगळ्यांना वाकून पळायला लावलंस, त्याने आणखी भर पडली.

तुझं बरं चाललेलं दिसतंय. अंगाने भरलास. टोपीही शोभते. लोक तुला कॅप्टन म्हणतात हे मला तिथे आल्यावर कळलं. कुठल्या सैन्यात होतास रे?

असो. चहा न घेता निघाले म्हणून तुला राग आला असेल. तू दारापर्यंत मागे आलास, तेही मी पाहिलं. तिथे तोंड उघडलं असतं तर रस्त्यात तमाशा झाला असता, आणि तुझ्या पुढच्या फेरीची माणसं कोपऱ्यावर येऊन थांबली होती. म्हणून लिहितेय.

तुझ्या टूरमधली जागा जावयाच्या नावाने घेतली, कारण माझं नाव पाहून तू आजारी पडला असतास. ऐनवेळी आजारी पडायची तुझी सवय जुनी आहे.

तू कानात घालायची ती यंत्रं वाटत होतास. माझ्या हातावर ठेवताना वर पाहिलंस आणि तुझा हात तिथेच अडखळला. मला वाटलं, आता ताई म्हणशील. तू म्हणालास, “मॅडम, आवाज डाव्या बटणाने वाढतो.” मॅडम! तुझं नाक पुसण्यात माझं अर्धं बालपण गेलं, आणि मी मॅडम!

बोलतोस मात्र छान, खोटं कशाला सांगू? पोस्टाच्या भिंतीवरचे गोळ्यांचे खड्डे तू बोटाने दाखवलेस तेव्हा सगळे पुढे सरकून बघायला लागले. शाळेच्या तळघरात वरचा दिवा घालवून आम्हाला नुसतं बसवलंस, तेही बरोबर केलंस. बाबा लढायला गेले ते परत आलेच नाहीत, हे दोन वाक्यांत सांगून पुढे निघालास. ते मला आवडलं. आईलाही आवडलं असतं.

मग चौक आला.

तिथे तू चादर टांगतोस, हे मला कोणी सांगितलं नव्हतं. टेकडीवरच्या बंदुकवाल्यांना माणसं दिसू नयेत म्हणून आपल्या गल्लीतल्या बायकांनी दोरी बांधून घरच्या चादरी आडव्या लावल्या होत्या, तशी. तुझी चादर नवी कोरी आहे, दुकानातली घडीसुद्धा मोडलेली नाही. तिच्यातली गोळ्यांची भोकं सिगारेटने पाडलीस ना? मी जन्मभर शिवणाच्या मशीनवर बसलेली बाई आहे, मला काय फसवतोस? आईने आपली निळ्या काठाची चादर दिली होती. त्या हिवाळ्यात आपण तिघं एकाच पांघरुणात झोपायचो ते त्यामुळेच.

आपण तिघं. लिहूनच टाकलं एकदाचं.

मग तू तो पाण्याचा डबा काढलास. आई गेल्यावर तिच्या घरातून तू फक्त तो डबा मागितलास, तेव्हा मला भरून आलं होतं. म्हटलं, नेऊ दे, त्यालाही काही आठवत असेल. आणि तू तो फेरीतल्या त्या दातांच्या डॉक्टरच्या हातात दिलास, “चला, आता तुम्ही पाणी आणणार!” म्हणालास, आणि ते गृहस्थ वाकून पळाले, बाकीचे हसत मागून पळाले, आणि सारख्याच रंगाची जाकिटं घातलेल्या त्या दोघी बहिणींनी फोटो काढले. डब्याच्या कडीला माझ्या जुन्या फ्रॉकची चिंधी अजून गुंडाळलेली आहे. आपल्या धाकट्या चिमीचा तळहात कापू नये म्हणून आईने ती बांधली होती. मोठा डबा माझा होता. हा लहान डबा चिमीचा, ती एकदा हट्टाने माझ्याबरोबर आली होती म्हणून. तुझा डबा कुठला होता गुंड्या? तुला डबाच नव्हता.

“मी नऊ वर्षांचा होतो,” तू सांगत होतास, “आणि रोज पहाटे मी एकटा हा चौक ओलांडायचो.” मी ऐकत होते. रोज पहाटे मी जायचे. ते श्रेय तुला हवं असेल तर घे बाबा, मला त्याचं काही लोणचं घालायचं नाही. तू माझं पाणी भरलंस, माझे पाय पळवलेस, माझी भीतीसुद्धा उचललीस. इथवर मी मनात हसत होते. म्हटलं, पोटासाठी माणूस काय काय मखलाशी करतो.

मग हापशापाशी त्या डॉक्टरच्या बायकोने विचारलं, “तुम्हाला भावंडं नव्हती का?”

मी तुझ्या समोर उभी होते, हात लांब केला असता तर तुझी टोपी काढता आली असती. तू माझ्याकडे पाहिलंस. आणि म्हणालास, “नाही हो. मी एकटाच.”

त्यानंतर हापसा मारून तू सगळ्यांना एकेक पेला पाणी दिलंस. टूरमधला सगळ्यात गाजलेला भाग म्हणे हा. मलाही दिलंस, मान खाली घालून. मी तो हापशाच्या बुडाशी ओतला, ते तू पाहिलंस. इतरांना वाटलं, म्हातारीला पाणी बाधत असेल.

नंतर तुझ्या त्या जिन्याखालच्या ऑफिसात तू कुलूप काढलंस, खुर्ची पुसलीस आणि म्हणालास, “ताई, समजून घे. सुट्टीवर आलेली माणसं असतात. सहा वर्षांच्या मुलीचं ऐकलं की त्यांचे चेहरे पडतात. मी एकदा सांगून पाहिलं होतं.”

“काय सांगितलंस?” मी विचारलं.

“हेच, की इथे एक मुलगी गेली.”

“कोणाची मुलगी?”

तू किटलीशी खुडबुडत राहिलास. मग म्हणालास, “शेजारची.”

तिथे मी उठले.

शेजारची! तुझ्या जिभेला काही वाटलं नाही? तुला दादा दादा करत तुझ्या मागे शेपटासारखी फिरायची, तुझी उष्टी पोळी आवडीने खायची, ती शेजारची?

आता ऐक. मी पन्नास वर्षं हे बोलले नाही, कारण त्या संध्याकाळी आईने मला शपथ घातली होती. “त्याला कधी काही म्हणू नकोस. एक गेली. दुसऱ्याला बोलून बोलून मारायचं नाही.” मी तेरा वर्षांची होते. तोंडाला कुलूप लावलं ते लावलंच. नवऱ्याला सांगितलं नाही, लेकीला नाही. मागच्या वर्षी आई अंथरुणात पडून एकसारखी विचारायची, “पाणी आणायला कोण गेलंय गं?” मी म्हणायचे, “मीच गेले होते आई, आणलं बघ.” तेव्हा झोपायची. तू महिन्यातून एकदा फोन करायचास आणि हवापाण्याच्या गप्पा मारून ठेवायचास. तुला हे कुठून कळणार? आता आई नाही. शपथही तिच्याबरोबर गेली असं मी मानते.

त्या दिवशी मी तापाने फणफणले होते. आई तुला म्हणाली, “आज तू जा, चादरीच्या आडून जा, पटकन ये.” तू पोट धरून जमिनीवर लोळलास. आई माझ्या कपाळावरची ओल्या फडक्याची घडी बदलायला वळली. दारातून चिमीचा आवाज आला, “दादाचं पोट दुखतंय, मी जाते.” आई धावेपर्यंत ती जिना उतरूनही गेली होती. आणि तू उठून बसला होतास. भिंतीला टेकून आईच्या शिवणाच्या डब्यातली बटणं एकावर एक रचत होतास. मी पाहिलं, आणि आई जिन्यावरून परत आली तेव्हा तिनेही पाहिलं.

तिला घरी आणलंच नाही, चौकातूनच नेलं. डबा घेऊन आला तो खालचा चांभार. तळाशी पाणी होतं, एखादा पेला. ते पाणी आईने कोणाला पाजलं, आठवतं? तुला. “पोट दुखतंय ना तुझं, पी,” म्हणाली. तू घटाघटा प्यायलास आणि आणखी मागितलंस.

त्याचा मला राग नाही. नऊ वर्षांचं पोर घाबरणारच. मीसुद्धा रोज घाबरायचे. आईने तुला कधीच दोष दिला नाही, आणि मी देणार नाही. मला राग आहे तो या साठीला टेकलेल्या, टोपीवाल्या माणसाचा. दिवसातून दोनदा तो तिच्या वाटेने तिचाच डबा घेऊन जातो आणि लोकांना सांगतो की मी एकटाच होतो. तुझी लाज लपवायची म्हणून तू तिला जन्मालाच येऊ दिलं नाहीस. गोळीने तिला एकदाच मारलं रे.

तिचा फोटो नाही. तिच्या वर्गातली मुलं कुठल्या कुठे पांगली. ती होती हे माहीत असलेली दोनच माणसं आता उरलीत, आणि त्यातलं एक थापा मारतंय. मी गेले की ती कायमची शेजारची होईल.

म्हणून मी एक काम केलंय. येत्या रविवारच्या पहिल्या फेरीच्या आठही जागा मी घेतल्या आहेत. लेक फोनवर जागा नोंदवताना म्हणाली, “आई, वेड लागलंय का तुला? आणखी कोण कोण येणार आहे?” मी म्हटलं, कोणी नाही, मी एकटीच.

तेव्हा रविवारी दुसरं गिऱ्हाईक नसेल. कोणाचा चेहरा पडायची तुला काळजी नको. टोपी घालू नकोस. चादर टांगू नकोस. डबा मात्र आण, तो मी परत नेणार आहे. पोस्ट, शाळा काही नको, सरळ चौकात ये. आपण दोघं पळणार नाही, चालत जाऊ, माझ्या गुडघ्याला झेपेल तसं. हापशापाशी थांबू. मी गिऱ्हाईक म्हणून एकच प्रश्न विचारणार आहे, त्या बाईंनी विचारला तोच.

उत्तर बरोबर दिलंस तर मी पाणी पिईन.

आणि पोट दुखलं, तरी ये.

तुझी आणि चिमीची,
ताई