राजधानीची बोडी

गुरुजी, तुम्हाला जाऊन आता एकोणीस वर्षं झाली, आणि मनातल्या मनात तुमच्याशी बोलताना मी अजून उभाच असतो. आज बसून लिहितो आहे, कारण जे सांगायचं आहे ते उभ्याने सांगवणार नाही.

आंबागडच्या शाळेत मी नवा मास्तर म्हणून लागलो, तेव्हा तुम्ही मुख्याध्यापक होतात. दर रविवारी किल्ल्याखालच्या गावांतून सायकली हाणत आपण एकाच गोष्टीचा माग काढायचो. देवगडच्या गोंड राजाने बारा वाड्या जोडून नागपूर वसवलं, तेव्हा जंगल तोडायला, तलाव खोदायला इथून कोण कोण गेलं? "राजानं वसवलं म्हनते सारे. राजाच्या हातात कुदळ होती काय?" असं तुम्ही विचारायचात. तुमची एक रीत होती. कुणाचं ऐकून लिहिलं की ते त्यालाच वाचून दाखवायचं, आणि त्याने "हाव", म्हणजे हो, म्हटल्यावरच समासात "हाव" लिहायचं. मला तो निव्वळ वेळखाऊपणा वाटायचा, खरं सांगतो.

त्या म्हातारीचं अंगण आठवतं. ती मोहफुलं वाळत घालते आहे, तुम्ही जमिनीवर बसून वाचता आहात, मी घड्याळ बघतो आहे. तिच्या घराण्यातली माणसं नव्या राजधानीत बोडी, म्हणजे लहान तलाव, खणायला गेली होती. "पहिली झोपडी आमचीच होती तिथं. बोडीत पानी आलं, तसा कारभारी म्हने, आता उठा. काठची जागा मोठ्याइले पायजे." तुम्ही वाचलंत, "मग ते परत आले." ती भडकलीच. "आले नाही गुरुजी, हाकललं! तसंच लिवा." तुम्ही मुकाट्याने खोडलंत, नव्याने लिहिलंत, पुन्हा वाचलंत. मग ती "हाव" म्हणाली.

तुमच्या माघारी वह्या माझ्याकडे आल्या. मागच्या वर्षी नागपुरात शहराच्या जुन्या वस्त्यांवर एक पुस्तक निघालं, त्यात मला एक प्रकरण मिळालं. समारंभाचं पुस्तक आहे, जरा गोड ठेवा, असं संपादक म्हणाले. मी लिहिलं, 'काम आटोपल्यावर ही मंडळी गावाच्या ओढीने आनंदाने परतली.' वही समोर उघडी होती. समासातला "हाव" दिसत होता. तरी लिहिलं, आणि वाक्य किती सुबक उतरलं म्हणून स्वतःवरच खूश झालो. लाज वाटते, गुरुजी.

प्रकाशनाला त्या म्हातारीची नात आली होती. लाखनीला नर्स आहे. पान उघडून तिने एवढंच विचारलं, "आमची आजी तं मरेपर्यंत हाकललं म्हनत होती. गुरुजीनं असं लिवलं काय?"

आजूबाजूला चार ओळखीची माणसं होती. मी म्हणालो, "हो, त्यांच्या वहीत असंच आहे."

तिने पुस्तक मिटलं. "म्हंजे गुरुजी बी तसेच निघाले," म्हणाली आणि निघून गेली.

हे तुम्हाला लिहून काय उपयोग? वहीत काय आहे ते तुम्हाला ठाऊकच आहे. हे पत्र तिला पाठवायला हवं. आणि तिचा पत्ता माझ्याकडे आहे, समारंभाचं निमंत्रण मीच पाठवलं होतं.