तिसऱ्या कॉपीतला आवाज

प्रिय पप्पा,

तुम्ही सेकंड शिफ्टला निघायच्या आत हे पत्र डब्याच्या पिशवीत ठेवतेय. समोर बसून बोलायला गेले तर तुम्ही टीव्हीचा आवाज वाढवाल.

माझा रॅपचा अल्बम बाहेर येण्याआधीच फुटला, हे आईने सांगितलं असेलच. चिखलीतल्या वर्कशॉपच्या माळ्यावर, खालचं प्रेस मशीन बंद असेल तेवढ्याच वेळात रेकॉर्ड केलेली गाणी, आता निगडीपासून चाकणपर्यंत पोरांच्या फोनवर फुकट वाजताहेत. अल्बम काढतो म्हणणारे आता माझा फोनही उचलत नाहीत.

माझा संशय सरळ दिग्विजयवर गेला. बीट त्याचे, कॉम्प्युटर त्याचा, आणि हल्ली मी आले की तो फोन पालथा ठेवायचा. अल्बमच्या कव्हरचं चित्र काढणाऱ्या वर्षालीलाही मी सोडलं नाही. तिचा भाऊ लीक झालेली गाणी गोळा करत फिरतो, घरातलंच आयतं मिळालं तर सोडेल होय? दिग्विजयला तर चारचौघांत चोर म्हणाले. तो हेडफोन उचलून निघून गेला, म्हणून माझी खात्रीच पटली.

मी किती शंकेखोर, तुम्हाला माहीत आहे. अल्बम तिघांनाच दिला होता, तोही प्रत्येक कॉपीच्या सुरुवातीला वेगळा आवाज घालून. दिग्विजयला कुकरची शिट्टी, वर्षालीला बसचा हॉर्न. पण सगळीकडे फिरत होते ते मधलेच तुकडे, त्यामुळे चोर सापडेना. काल टपरीवर एकाने अल्बम पहिल्यापासून लावला आणि आईचा आवाज आला, "अहो, डबा राहिला की!"

ती कॉपी तुमची होती, पप्पा. तुमच्यावर संशय घ्यायचं माझ्या मनातही आलं नव्हतं. "कसली ही बडबड," म्हणून तुम्ही फोन बाजूला ठेवला होतात ना? मी तडक तुमच्यासोबत कंपनीच्या बसने जाणाऱ्या सयाजीकाकांना गाठलं. ते म्हणाले, "अगं, तुझ्या बापानंच, जयसिंगनं, बसमधी स्पीकरवर लावलं. माझ्या पोरीचं हाय म्हनला. मंग समद्यांनी मागितलं, त्यानं ग्रुपवर टाकलं."

राग आला. अजून आहे. रविवारी दिग्विजयची आणि वर्षालीची माफी मागायला जाणार आहे, तुम्हीही सोबत यायचं. पण हे पत्र त्यासाठी नाही. काका म्हणतात, तुमच्यावरचं गाणं तुम्ही परत लावायला सांगितलंत आणि चाकण येईपर्यंत खिडकीबाहेर बघत बसलात. काकांवर माझा काडीचाही विश्वास नाही. तुम्हीच सांगा, पप्पा, कसं झालंय गाणं?

तुमचीच शंकेखोर,
मिनल