मैनाबाईच्या प्रश्नाला तू उभा राहिला नाहीस

प्रिय दादा,

आज धरमपेठच्या बाजारात मेथी घेताना भाजीवालीनं मला ओळखलं. नाल्याकाठच्या वस्तीतल्या मैनाबाईची लेक, सुमन. मैनाबाई जाऊन दोन वर्षं झाली म्हणे. चार महिन्यांपूर्वी दवाखान्यात तू तिचं विचारलंस आणि मी खुशाल सांगितलं, "तिले घर भेटलं दादा, मजेत आहे." तू डोळे मिटलेस. मला काहीच माहीत नव्हतं रे! ते खोटं घेऊन तू गेलास, म्हणून आज लिहायला बसले.

वस्ती उठवायची नोटीस आली, तेव्हा मैनाबाई चार बायकांना घेऊन आपल्या ओसरीवर आली होती. तू त्यांची केस घेतलीस आणि कोर्टातून स्थगिती आणलीस. वस्तीत जाऊन सगळ्यांना बजावलंस, "कोणी तोंडी सांगितलं तर आयकू नका. कागद दाखव म्हणा!" त्याच लोकांनी पुढे दारोदार फिरून तुला आमदार केलं. शाळेत मी किती मिरवले होते, आठवतं?

मग स्थगिती उठली. आता विधानसभेतच काय ते होणार होतं. हिवाळी अधिवेशनात तुझ्या नावानं वस्तीचा प्रश्न लागला. मैनाबाईचा आणि माझा पास तूच काढलास. ती नवं लुगडं नेसून गॅलरीत माझ्या शेजारी बसली होती.

तेवढ्यात एका मंत्र्यानं तुला खूण केली. तू उठून त्याच्यामागे बाहेर गेलास. अध्यक्षांनी तुझं नाव पुकारलं. जागा रिकामी! त्यांनी पुढचा प्रश्न घेतला.

"वकीलसाहेब काहून गेले वं बाई?"

"येतील आता," मी म्हटलं.

सभागृह जेवायला उठेपर्यंत ती दाराकडे बघत राहिली.

घरी आल्यावर तू म्हणालास, "मंत्र्यानं शब्द दिला शकू. प्रश्न नको विचारू, सगळ्याईले पक्की घरं देतो म्हणाला."

"कागद देल्ला का?"

आयुष्यात पहिल्यांदा तू माझ्यावर ओरडलास. मी गप्प बसले. का बसले? तुझ्यामागे लागले असते, भांडले असते, तर दुसऱ्या दिवशी तरी सभागृहात बोलला असतास का रे?

उन्हाळ्यात बुलडोझर आले. तू धावत गेलास, मी तुझ्यामागे. पाडकामावरच्या साहेबानं तुला नमस्कार केला आणि ड्रायव्हरला 'चालू दे' अशी हातानं खूण केली. मैनाबाई मोडक्या भिंतीखालून टिनाचे पत्रे ओढत होती. तू जवळ जाऊन म्हणालास, "मैनाबाई, मी फसलो."

तिनं मान वर केली नाही. "उन्हात नका उभे राहू साहेब. घरी जा."

त्यापेक्षा तिनं शिव्या दिल्या असत्या तर!

पुढच्या निवडणुकीत त्या लोकांची नावंच यादीत नव्हती. पत्ताच उरला नव्हता ना! तू पडलास. पुन्हा कोट चढवून कोर्टात गेलास. एका सुनावणीत बोलता बोलता मध्येच थांबलास. न्यायाधीश वाट बघत राहिले, तू खाली बसलास. त्यानंतर कोर्टाची पायरी चढला नाहीस. मी चहा आणून ठेवायची, तो तसाच गार व्हायचा.

सुमनला मी सांगितलं, दादा गेले. "हो काय?" म्हणाली आणि पुढच्या गिऱ्हाइकाची जुडी बांधू लागली. ती रुळाजवळ पोत्यांच्या झोपडीत राहते. मैनाबाई तिथेच गेली, थंडीत. दवाखान्यात तुला सांगितलं ते घर कुठेच नव्हतं दादा. आता ते तिला कोणीच देऊ शकत नाही.

रविवारी मी सुमनकडे जाणार आहे. ती बोलवत नव्हती, मीच येते म्हटलं. मैनाबाई शेवटी काय काय म्हणाली, ते सगळं ऐकून घेईन. माझा दादा मनानं वाईट नव्हता, हे वाक्य ओठांवर येईल. ते मी गिळून टाकीन. तिच्यासमोर तुझी वकिली करणार नाही, एवढं वचन देते.

तुझी,
शकू