आई आउट झाली की

प्रिय विक्या,

तुझ्या त्या इमरानचा फोन अजून आला नाय. वाट बघत मशीनवर बसले तर ब्लाऊजची बाही उलटी जोडली. उसवत बसण्यापेक्षा म्हटलं तुलाच लिहावं. तुझ्याच टेबलाशी बसलेय, तुझ्या त्या डुगडुगणाऱ्या खुर्चीत. दुसऱ्या कुणाला सांगू? तुझ्या पप्पांशी मी बोलणं टाकलंय. विक्या, कॉम्प्युटरमधला तुझा आवाज पुसला गेला रे! सगळा गेला. मी काय करू, सांग ना!

तू म्हणशील, कसला आवाज? अरे, तुझी ती क्रिकेटची गेम! बारावीच्या सुट्टीत तुला येड लागलं होतं बघ. गेममधल्या इंग्रजी बोलणाऱ्या माणसाचा आवाज काढून आपला घालायचा. भर मे महिन्यात पंखा बंद करून, डोक्यावरून गोधडी घेऊन, हेडफोनच्या त्या काडीत ओरडत बसायचास. मी तर घाबरले. म्हटलं, "काय करायलास रे गोधडीत? थंडी वाजून आली का?" तर आतून म्हणतोस, "आई, गप की जरा, कॉमेंट्री चालूय!" घामानं निथळत बाहेर आलास आणि हसत सुटलास.

खेळाडूंची नावं पण बदललीस. सगळी आपली गल्ली मैदानात उतरवली. पप्पांना विकेटकीपर केलंस. का, तर "कंपनीत दिवसभर उभेच असतात, इथं वाकू दे जरा." आणि मला ओपनिंगला पाठवलंस! जन्मात बॅट धरली नाय मी, आणि नाव काय लिहिलंस, तर नुसतं 'आई'. चौकार गेला की तू ओरडायचास, "लई भारी, आई!" षटकार गेला की, "गेला बॉल पार टीव्ही सेंटरला!"

आणि आई आउट झाली की? तिथं काहीतरी बोलायला तू तोंड उघडलंस आणि मी सैपाकघरातून जेवायला हाक मारली. तू म्हणालास, "आलो गं आई, दोन मिनटं!" ते तसंच आत भरलं गेलं. दुसऱ्या कुणी पुसून परत केलं असतं. तू म्हणालास, "राहू दे. आउट झाल्यावर माणूस घरीच येतो की." तेव्हा मी हसले आणि विसरून गेले.

मग तुला ताप आला. साधा ताप म्हणून दवाखान्यात गेलास आणि आम्ही दोघंच परत आलो.

तुझ्या नावानं पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम झाला, पाहुणे पांगले, पप्पा कामावर जायला लागले. एक दिवस तुझा कॉम्प्युटर पुसायला घेतला आणि काय मनात आलं, चालू केला. गेम उघडली. कुठलं बटन दाबायचं तेच कळंना. पहिल्याच बॉलला आई आउट! आणि स्पीकरमधून तू बोललास, "आलो गं आई, दोन मिनटं!" विक्या, मी खरंच दाराकडं पळाले रे. कडी काढली. बाहेर तुझ्या चपला आहेत का बघितलं. मग तिथंच उंबऱ्यात बसून पोटभर रडले.

तेव्हापासून रोज. पप्पा कंपनीत गेले की मी बॅटिंगला. जगात माझ्याइतकं वाईट कुणी खेळत नसंल, कारण मला आउटच व्हायचं असायचं. सरळ बॉल आला की बॅट उचलायचीच नाय. "आलो गं आई." परत एकदा. "आलो गं आई." सैपाक करपायचा, गिऱ्हाइकं दारात येऊन ओरडायची, पण मी आपली आउट होत राहायचे.

आता शेजारच्या बाया म्हणतात, फोनमध्ये भरून का नाय घेतलं? नाय सुचलं! आपल्याकडं नळाला आठ-आठ दिवस पाणी येत नाय म्हणून आपण हंडे भरून ठेवतो. तुझा आवाज रोज येत होता, तो कशाला भरून ठेवू? आणि तू तरी काय रे! तुझा फोन दवाखान्याच्या गडबडीत हरवला. माझ्या फोनवर बघावं तर तुझे नुसते 'ओके', 'हो', 'येतो'. एक शब्द तोंडानं बोलून पाठवला नाहीस कधी. इतका कसला कंजूसपणा!

पप्पांना मी यातलं काही सांगितलं नव्हतं. तुझं नाव काढलं की ते उठून गच्चीवर जातात. टाकीत पाणी आहे का बघतो म्हणतात. पाणी कुठलं असायला!

आणि तिथंच घात झाला. कॉम्प्युटर हळू चालायला लागला होता. मी एकदा बडबडले असंन, "मेला उघडतच नाय लवकर." पप्पांनी ते ऐकलं. मला खूश करायचं म्हणून, सुट्टीच्या दिवशी मी गुलमंडीला अस्तराचं कापड आणायला गेले तेव्हा, कॉम्प्युटरचा डबा गाडीवर बांधला आणि नेला रिपेरीला. तो दुकानदार म्हणाला, "फॉरमॅट मारावं लागंल. आत काही कामाचं हाय का?" तर तुझे पप्पा म्हणाले, "फोटो तेवढे काढून ठेवा. बाकी काय नाय, नुसत्या गेमा हायेत."

नुसत्या गेमा!

मी घरी आले तर मोठ्या कौतुकानं म्हणतात, "बघ, आता कसा पळतोय." मी बघितलं. सगळं चकाचक, निळंशार, आणि तुझं एक चिन्ह नाय त्यावर. विचारलं, "गेम कुठंय?" ते हसले. "तू कधीपासून गेमा खेळायला लागलीस?" मग मी बोलले. सगळं सांगितलं, आणि नको तेही बोलले. म्हटलं, "एकदा गेला तेव्हा कुणाचा इलाज नव्हता. आता तुम्ही घालवलात त्याला!" ते उठले. जिन्यात जाऊन बसले ते जेवायलासुद्धा वर आले नाय. तोंड कसं आहे माझं, तुला माहीत आहे.

दुसऱ्या दिवशी मी त्या दुकानात जाऊन उभी राहिले. हात जोडले. तो बिचारा म्हणाला, "मावशी, वरून नवीन भरलंय. आता कुणाचा बाप आला तरी जुनं निघणार नाय." मग माझ्याकडं बघून त्याला दया आली असंल. म्हणाला, "रडता कशाला? ती गेम नेटवर मिळते की. डाउनलोड करून घ्या."

विक्या, माझा जीव भांड्यात पडला रे! नेटवर मिळते! मी धावत घरी आले. फोनचं नेट कॉम्प्युटरला जोडायचं तू शिकवलं होतंस, ते जोडलं आणि शोधायला बसले. बापरे, काय तो बाजार! एका पानावर डाउनलोडची हिरवी बटनं ढीगभर. एक दाबलं तर पत्त्यांचा जुगार उघडला. दुसरं दाबलं तर लाल पाटी आली, तुमच्या कॉम्प्युटरला व्हायरस लागलाय, आणि असला भोंगा वाजायला लागला की मी वायरच उपटली. शेजारीण खिडकीतून विचारते, "सिलिंडर लीक झाला का?"

मग तुझं बोलणं आठवलं. तू शेजारच्या पोरांना सांगायचास, "सगळ्यात मोठं हिरवं बटन असतं ना, ते खोटं. खरं बारकं असतं, कोपऱ्यात." मी म्हणायचे, गुलमंडीसारखंच की! जो दारात उभा राहून जास्त ओरडतो त्याच्याकडनं कापड घ्यायचं नाय. तसं डोळे फाडून बारकं बटन शोधलं. दाबलं. खाली हळूहळू पट्टी भरायला लागली. अर्ध्यावर नेट संपलं. परत चालू केलं तर पहिल्यापासून! शेजारणीचं वायफाय मागितलं. मशीन बंद, गिऱ्हाइकं बंद. पट्टीकडं बघत बसले, तू पोटात असताना दिवस मोजत बसायचे तशी.

उतरली. भरली. उघडली. मी घाईघाईनं खेळाडूंत जाऊन 'आई' लिहिलं. सरळ बॉल आला. बॅट उचलली नाय. आउट.

आणि कुणीतरी गोरा इंग्रजीत काहीतरी बोलला.

मला कळंना. परत आउट झाले. परत तोच. आवाज मोठा केला. काय वेडी बाई मी! मला वाटलं होतं, गेम आली की तू येणार. तुझा आवाज त्या गेमचाच आहे, असंच डोक्यात बसलं होतं. दुसऱ्या ठिकाणाहून उतरवली, तिसऱ्या ठिकाणाहून उतरवली. सगळीकडं तोच माणूस, तोच थंड आवाज. त्याला काय पडलंय आई आउट झाली का राहिली! सगळ्या जगाचं सामान त्या नेटवर आहे म्हणतात, मग माझ्या पोराचे चार शब्द ठेवायला तिथं जागा नव्हती का रे?

तेव्हा मला इमरान आठवला. आपल्या गल्लीत राहायचा तेव्हा पेनड्राइव्ह घेऊन तुझ्या मागं मागं असायचा. तू त्याला एक कॉपी दिली होतीस. आता पाचोडला त्याचं ऑनलाइन फॉर्म भरायचं दुकान आहे. फोन केला तर म्हणाला, "आंटी, वो पुराना डब्बा काउंटर के नीचे पडा है. चालू हुवा तो बताता. लेकिन जादा उम्मीद नक्को रखो."

म्हणून बसलेय. ज्यालात्याला कॉपी वाटलीस, मग मला एक देऊन ठेवायला काय झालं होतं तुला? आईला कशाला लागते, असंच ना? आता हा डबाही बंद निघाला तर मी कुठं शोधू? फोन वाजतोय. थांब.

पाचोडहून आलो. पुढचं लिहिते.

इमरान एवढंच म्हणाला, "चालू हुवा आंटी. गेम है अंदर. मैं खेला नहीं, तुमीच आके देखो." मी फोन ठेवला तर पप्पा दारात गाडीची किल्ली घेऊन उभे. म्हणाले, "चल." गाडीवर निघालो. आडूळ गाव मागं पडलं तेव्हा पुढं बघतच म्हणाले, "मला सांगायचं होतंस गं. मी पण बसलो असतो तुझ्याजवळ." मी मागून त्यांचा शर्ट घट्ट धरला.

पाचोडात बाजार होता, दुकानात गर्दी. इमराननं आम्हाला बघितलं आणि गिऱ्हाइकांना "बाद में आओ" म्हणून शटर अर्धं ओढलं. डबा धुळीनं माखलेला, पंखा घरघर करत होता. 'आई' बॅटिंगला आली. कसं कोण जाणे, पहिलाच बॉल चौकार गेला. "लई भारी, आई!" पप्पांनी काउंटरची कड धरली. पुढचा बॉल मी सोडून दिला. आउट.

आणि एक बाई ओरडली!

"विक्याऽऽ! ताट वाढलंय, भाकर गार होतीय! येतोस का येऊ लाटणं घेऊन?"

मग तू. "आलो गं आई, दोन मिनटं!"

इमरान डोळे पुसत म्हणाला, "ये पैली वाली है आंटी. बाद में उसने आगे का तुमारा बुलाना काटा. बोला, आई की आवाज भोत बडी आती." पप्पा मला विचारतात, "ही तूच ना गं?" आणि दाराकडं बघतात. मी म्हटलं, "मीच." ते म्हणाले, "परत लाव."

आम्ही परत परत लावलं. फोनमध्ये भरलं, इमरानकडनं पेनड्राइव्हवर घेतलं, एक त्याच्याकडंच ठेवलं. आता पुसलं जाणार नाय. पण विक्या, मला वाटलं होतं सापडल्यावर जीव थंड होईल. नाय झाला रे. आधी फक्त तुझा आवाज ऐकून रडायचे, आता त्या बाईचाही ऐकते. माझाच आवाज, पण ती मी नव्हेच. किती चिडलीय आणि किती निवांत आहे! तिला भाकर गार होण्याची काळजी आहे, बास. तू नाय आलास तर ती अजून मोठ्यानं ओरडंल, आणि तू येशील, हे तिला पक्कं माहीत आहे. मला तिचा हेवा वाटतो. तिला जाऊन धरावं, सांगावं वाटतं, बाई, ओरडू नको, जा, बघ त्याच्याकडं, गोधडीत बसलाय, घाम पूस त्याचा.

पण नाय सांगणार. तुला शब्द देते विक्या, पप्पांशी मी आता भांडणार नाय, त्यांना शेजारी बसवून रोज आउट होईन. आणि त्या हाक मारणाऱ्या बाईला यातलं काही म्हणजे काही कळू देणार नाय. तिचं ताट वाढलेलं राहू दे. तिला वाटू दे, पोरगं दोन मिनटांत येतंय.

तुझी ओपनिंगची बॅट्समन,
आई