तिसऱ्या ढिगातली फाईल

३ जून, शनिवार

मरेची बोट आज दीड तास उशिरा बंदरात आली. बोटीची परतायची वेळ टळली की वाजणारा आमचा भोंगा वाजलाच नाही. कुणाच्या घरी फोनही गेला नाही. धक्क्यावरून तो तडक माझ्याकडे, बोटींशी बोलायच्या रेडिओच्या खोलीत आला, ओली टोपी टेबलावर टाकली आणि म्हणाला, "रीवा, मी बुडालो असतो तर तुम्हाला उद्या सकाळी कळलं असतं."

लॅचीसारखं — हे तो बोलला नाही. मरेनंच तर लॅचीला, माझ्या भावाला, किनाऱ्यावरून उचलून आणलं होतं.

४ जून

खोलीतलं नवं मशीन, म्हणजे कॉम्प्युटर, गेल्याच आठवड्यात आलं. माझ्याबरोबर इथे काम करणाऱ्या ग्रेअमनं लिहिलेला प्रोग्रॅम मी जुन्यावरून उचलून त्यावर ठेवला. बोटी नोंदवतो, घड्याळ चालवतो. वेळ टळली की मात्र गप्प! ग्रेअम मार्चमध्ये वारला. आता विचारू कुणाला? त्याची खुर्ची तशीच आहे. मी तिच्यावर बसत नाही.

५ जून

थोडं कळायला लागलंय. सगळी कामं प्रोग्रॅमच्या पोटात नसतात. काही वेगळ्या फायलींत असतात — डीएलएल म्हणतात — आणि चार-पाच प्रोग्रॅम त्याच फायली वापरतात. गल्लीत एकच शिडी असावी, ज्याला लागेल त्यानं न्यावी, तसं. शिडी गेली तरी कुणाला पत्ता नसतो. छपरावर चढायची वेळ आली की कळतं.

जुन्या डिस्कवर ४१२ निघाल्या. तीन ढीग करायचे : विंडोजच्या, बाहेरच्या कंपन्यांच्या, ग्रेअमच्या.

७ जून

अजून दोनशे बाकी. डोळे चुरचुरतात.

८ जून

झालं! ग्रेअमच्या अकरा निघाल्या. दहा त्याच्या प्रोग्रॅमच्या फोल्डरातच होत्या. अकरावी — नाव 'हाक' — विंडोजच्या फोल्डरात, शेकडो परक्या फायलींत. म्हणून नव्या मशीनवर आलीच नव्हती.

ती नेऊन ठेवली आणि खोटी बोट नोंदवून वेळ टळू दिली. भोंगा वाजला. मागोमाग ग्रेअमचा आवाज — "कुठे आहात? उत्तर द्या." त्यानं आवाज स्वतःचाच भरलाय हे मी विसरले होते. मी दारापर्यंत पळाले.

मरेला फोन केला. म्हणाला, "चला, आता बुडायला हरकत नाही."

९ जून

दहा फायली २००८ सालच्या. 'हाक' या डिस्कवर आली १९ मे २०११ला.

लॅचीची बोट त्याच वर्षी १७ मेला बुडाली.

भोंगा तर २००८पासून वाजत होता; म्हणजे त्या दिवशी ती फाईल तिथे नव्हती. कुणीतरी दोन दिवसांनी गुपचूप परत ठेवली. चौकशीत ग्रेअम म्हणाला होता, रात्री खोलीत कुणी नसताना वीज गेली होती, म्हणून भोंगा वाजला नाही. आम्ही मानलं. लॅचीच्या अंगात तरंगायचं जाकीट होतं. डॉक्टर म्हणाले होते, पाच-सहा तास तरी पाण्यात जिवंत असावा.

पाच-सहा तास.

१० जून

बारा वर्षं हा माणूस माझ्या शेजारी बसून चहा प्यायला. माझ्या वाढदिवसाला चीज रोल भाजून आणायचा. लॅचीच्या दफनाला पेटीचा एक कोपरा त्याच्या खांद्यावर होता.

आज खुर्ची खोलीबाहेर काढली. तरी शेजारी कुणी बसल्यासारखं वाटतंय. आवाज कानातून जात नाही — उत्तर द्या.

११ जून

नोलीनच्या घरी गेले. ग्रेअमची बायको ती, तिचा काय दोष? तरी सगळं ओकले. तुझ्या नवऱ्यानं फाईल घालवली, माझा भाऊ मारला, वर खोटं बोलला. ती पाठमोरी बटाटे सोलत होती. तिनं नळ बंद केला. म्हणाली, "घरी जा आता." एवढंच.

१३ जून

नोलीन आली. बसली नाही. "त्यानं मरेपर्यंत मला हे सांगू दिलं नाही. पंधरा मेपासून अठरापर्यंत तो डनीडिनला होता, दवाखान्यात, माझ्या उशाशी. मशीनपाशी तूच होतीस, रीवा."

आठवलं. त्याच आठवड्यात डिस्क भरली होती. ज्या फायली कुणाच्याच वाटल्या नाहीत, त्या मी पुसल्या होत्या.